सासऱ्याची माती शोधायला

मी चौथीपर्यंत शिकलो. जन्मभर जळकोटच्या अलीकडं एका खेड्यात पिठाची गिरणी चालवली. गिरणीत बोलायचं म्हणजे मोठ्यानं आणि थोडक्यात बोलावं लागतं, तीच सवय लागली. गावात मला फटकळ म्हणतात. म्हणू द्या. हे लिहायला बसलो ते आमच्या शाळेच्या मास्तरांनी कागद आणून दिले म्हणून. बोरदऱ्याला जाऊन आलात तर लिहा, आमच्यातलं कोणी तिकडं गेलेलं नाही, असं ते म्हणले. खरंच कोणी गेलेलं नसणार. कंधारच्या डोंगरात ते गाव, तिथं जायला कोणाला काही कारण नाही. मला होतं.

माझी बायको महानंदा श्रावणात गेली. तिचा बाप नागनाथ आप्पा हा निजामाच्या राज्यात तट्टावर मीठ-गूळ घालून गावोगावचे बाजार करायचा. आडवाटा त्याला पाठ होत्या, म्हणून निजामाशी लढणाऱ्या पोरांनी त्याला वाटाड्या केलं, आणि मग तो त्यांच्यातलाच झाला. महानंदा तीन महिन्यांची असताना तो हद्दीपलीकडं त्यांच्या उमरखेडच्या कॅम्पात गेला, तो परत आला नाही. हैद्राबाद मोकळं झाल्यावर लोह्याकडचा किशन नावाचा जोडीदार सासूबाईंना सांगायला आला, की तो पडला, वाट बघू नका. सासूबाईंनी त्याला उंबऱ्यावरूनच हाकललं. तू आलास तर माझा कुठं हाय, म्हणल्या. मरेपर्यंत त्यांनी कुंकू पुसलं नाही. महानंदा मामाच्या घरी वाढली. बापाचं तिला तोंडही माहीत नव्हतं.

दोन वर्षांमागं मुक्तिदिनाला पेपरात एका म्हाताऱ्याचा शाल-नारळ घेतलेला फोटो आला. किशनराव, मूळ लोह्याकडचे, हल्ली विष्णुपुरी. महानंदानं तो फोटो ब्लेडनं कापून ठेवला आणि जाऊ या म्हणून माझ्या मागं लागली. मी म्हणायचो, सुगी होऊ दे, लोकांचं दळण आहे. एकदा तर म्हणलो, तुझा बाप मेला, आता फोटोवाल्याला विचारून जिता होणार आहे का. असं मी बोललोय. ते खोडता येत नाही, म्हणून लिहून ठेवतो.

मग तिचं दुखणं आलं. शेवटच्या आठवड्यात ती म्हणली, "मी न्हाई आता यायची. तुमीच जाऊन इचारा. माज्या बापाला माती भेटली का कुत्र्यांनी नेलं. हातात लिंग कुनी ठिवलं का."

आम्ही लिंगायत. आमच्यात मेलेल्याला जाळत नाहीत. खड्ड्यात बसवतात आणि त्याच्या गळ्यातलं लिंग त्याच्या डाव्या तळहातावर देतात. महानंदाच्या हातावर मी माझ्या हातानं ठेवलं. तेव्हाच ठरवलं की जायचं. तरी माघ उजाडला.

शनिवार, नांदेड

सुनेनं धपाटे आणि शेंगदाण्याची चटणी बांधून दिली. पंच्याहत्तरीनंतर यष्टी फुकट असते. कंडक्टरनं वयाचा पुरावा मागितला. मी म्हणलं, तोंड बघ. तो म्हणला, तोंडावर तारीख नसती बाबा, आधार काढा. माणूस बरा होता. खिडकीजवळची जागा दिली.

कंधारच्या घाटापर्यंत मी जागा होतो. करडई पिवळी झालेली, ज्वारी कणसात आलेली, आणि मधीमधी माळ, नुसता दगड. आमच्याकडची जमीन काळी. इथं डोंगराच्या अंगावर माती अशी पातळ, जशी भाकरीला लावलेली पिठी. अशा माळावर माणूस लपणार कुठं, असं वाटत होतं. मग धपाटा खाल्ला आणि डोळा लागला. विष्णुपुरी वाटेतच होती, ती झोपेत गेली. जाग आली ती थेट नांदेडच्या स्टँडवर.

दिवस मावळायला आलेला. नव्या माणसाकडं ऐन जेवणाच्या वेळी जाणं बरं नाही, म्हणून गुरुद्वाऱ्यात गेलो. मी पहिल्यांदाच गेलो. डोक्याला रुमाल बांधायला सांगितला, बांधला. पंगतीत बसलो. पोळी दोन्ही हात पुढं करून घ्यायची असते हे मला माहीत नव्हतं. मी आपला एक हात पुढं केला. वाढणारा पांढऱ्या दाढीचा सरदार थांबला. हसला आणि स्वतःचे दोन्ही हात जुळवून दाखवले. मग मीही केले. आमच्याकडं लग्नात वाढपी आधी कोण बसलंय ते बघतो आणि मग तुपाची धार जाड-बारीक करतो. इथं सगळ्यांना एकच डाळ. महानंदाला आवडलं असतं. तिला आवडलं असतं असं वाटण्याजोगं दिवसातून धा वेळा काहीतरी दिसतं. सांगायला कोणी नसतं.

रविवार, विष्णुपुरी

सकाळी टमटमनं विष्णुपुरीला आलो. आधी धरण बघितलं. गोदावरी अडवली आहे, लांबवर नुसतं पाणी. वर इंजिनेरिंगचं कॉलेज. पोरं चहा पीत बसलेली. एकाला किशनरावांचं घर विचारलं, तर तो फोनवर शोधायला लागला. म्हणलं राहू दे, आणि न्हाव्याच्या दुकानात विचारलं. न्हाव्यानं लगेच सांगितलं.

किशनराव नव्वदीच्या पुढचे. ओट्यावर उन्हात बसलेले. एका कानानं ऐकू येत नाही. भिंतीवर शाली घेतलेले फोटोच फोटो. मी नागनाथ आप्पाचं नाव घेतलं तेव्हा त्यांनी काठी जवळ ओढली. पुन्हा सांगा म्हणले. पुन्हा सांगितलं. मग सुनेला हाक मारून चहा सांगितला, आणि ती आत गेल्यावर बोलायला लागले.

कॅम्पातली कामं त्यांनी सांगितली. रात्रीतून शिंदीची झाडं तोडायची, म्हणजे निजामाचं दारूचं उत्पन्न बुडतं. करोडगिरीचे नाके जाळायचे, म्हणजे जकात घेणारी ठाणी. नाव-गाव एकमेकांनाही पुरं सांगायचं नाही. कोणी धरला गेलाच, तर मारहाणीत नाव सुटून घरच्यांवर संकट नको. सगळे नागनाथला नुसतं आप्पा म्हणायचे. त्याचं नाव-गाव एकट्या किशनरावांना माहीत होतं, कारण दोघं एकाच पोत्यावर झोपायचे. लेक झाली म्हणून आप्पानं कॅम्पात गूळ वाटला होता.

बोरदऱ्याच्या वरचा नाका जाळून येताना आप्पाच्या पोटात गोळी लागली. किशनराव आणि आणखी एकानं त्याला उचलून गावापर्यंत आणलं. मागं पोलिसांची घोडी येत होती. गावाबाहेर कुंभाराची भट्टी होती, तिथं कडुलिंब होता. त्याला लिंबाखाली टेकवलं.

"जिता होता," किशनराव म्हणले. "पानी मागत होता. आमी त्याला टाकून पळालो."

मी विचारलं, मग इतकी वर्षं ही जागा कोणाला सांगितली का नाही. मी असाच विचारतो, मला दुसरं येत नाही.

ते माझ्याकडं न बघता बोलले. "सांगितलं असतं तर लोकांनी इचारलं असतं, तो मेला तवा तू कुठं व्हतास. शाल घिऊन गप बसलो. दर वर्षी शाल येती. अंगावर पडली की त्याचंच वजन वाटतं."

मला त्या माणसाचा राग यायला पाहिजे होता. सासूबाईंना आला होता. पण तेव्हा तो सोळा-सतरा वर्षांचा होता. मी अठ्ठ्याहत्तरचा आहे आणि बायकोला घेऊन दोन तासांच्या वाटेवर आलो नाही. मी कोणाला काय बोलणार. चहा प्यालो. उठताना म्हणलं, महानंदानं तुमचा फोटो जपून ठेवला होता. त्यांनी ऐकू येणारा कान माझ्याकडं केला, पुन्हा विचारलं आणि मग रडले. त्या रात्री मला जाऊ दिलं नाही.

सोमवार, बोरदरा

कंधारपर्यंत यष्टी, पुढं जीप. जीपमधी चौदा माणसं आणि एक करडू. करडानं माझ्या धोतराचा काठ खाल्ला. त्याचा मालक म्हणला, बाबा, सुती हाय वाटतं, त्याला नायलॉन आवडत न्हाई.

बोरदऱ्यात उतरलो आणि कुंभाराची भट्टी विचारली. आता भट्टी नाही, म्हणले, पण लिंब आहे, तिथं स्वामीचं ठाणं आहे. आज सोमवार, आरती आहे, जा. लिंबाखाली गेलो तर फरशी घातलेला ओटा, त्यावर समाधी, बेलाचा ढीग, आणि आठ-दहा माणसं. शंकर गुरव नावाचा पन्नाशीचा पुजारी. त्यानं माझ्या कपाळाला भस्म लावलं, डहाळ्याचे चार हिरवे हरभरे प्रसाद म्हणून हातावर ठेवले आणि स्वामीची गोष्ट सांगायला लागला. स्वामी काशीहून चालत आले. वाघ त्यांच्यामागं कुत्र्यासारखा यायचा. इथं बसले ते बसलेच, जिवंत समाधी. नवस केला की खरूज जाते, आटलेली म्हैस पान्हावते.

मी हरभरे खात ऐकत होतो. भट्टी कुठं होती विचारलं. इथंच, ही कुंभाराची मातीची जुनी खाण, म्हणला. स्वामी कोणत्या साली आले विचारलं. आजोबाच्या वेळी, रझाकाराच्या वर्षी, म्हणला.

माझ्या तोंडातला हरभरा तसाच राहिला. मग मी जे मनात आलं ते बोललो.

"ह्यो स्वामी न्हाई. ह्यो माजा सासरा हाय."

कोणीतरी हसलं. गुरवही हसला. "सासरा असंल तर लई उशिरानं आलात मामा भेटाया. आहेर काय आनला?"

मग मला राग आला. मी म्हणलं, माझा सासरा मीठ विकायचा. वाघाचं सोडा, त्याचं स्वतःचं तट्टूही त्याचं ऐकत नव्हतं, असं सासू सांगायची. हे मी गिरणीच्या आवाजात बोललो. आता कोणी हसलं नाही. देवाला मीठवाला म्हणतो, याला बाहेर काढा, असं एकजण म्हणला आणि दुसऱ्यानं माझा दंड धरला. त्यांचंही चुकलं नाही. आमच्या गावच्या देवाला कोणी असं बोललं असतं तर मीही दंड धरला असता.

तेवढ्यात मागून बाईचा आवाज आला. "सोडा त्याला. खरं बोलतोय त्यो."

भागीरथी कुंभारीण. पंच्याऐंशीच्या आसपासची, कमरेत वाकलेली, हातात पेटती पणती. लग्न गावातच झालेलं, त्यामुळं गाव कधी सुटलं नाही. दर सोमवारी पहिला दिवा तिच्या घरचा असतो. दंड धरणाऱ्यानं मला सोडलं. तिनं पणती ठेवली, ओट्यावर बसली, आणि मला कोण, कुठला, ते सगळं विचारून घेतलं. मी सासऱ्याचं नाव सांगितलं. तिनं ते दोनदा म्हणून बघितलं. मग सगळ्यांसमोर सांगितलं.

ती तेव्हा सात-आठ वर्षांची. पहाटे तिचा बाप भट्टीकडं आला तर लिंबाखाली माणूस. तिच्या आजीनं त्याला पाणी पाजलं. तो उजाडेपर्यंत होता. नाव विचारलं तर नुसती मान हलवली, गाव विचारलं तरी तेच. भागीरथी आजीच्या पदराआडून बघत होती. त्यानं तिला खुणेनं जवळ बोलावलं, तिच्या डोक्यावर हात ठेवला, आणि तो हात तिथंच जड झाला.

लोक म्हणले जाळा. तिच्या बापानं गळ्यातलं लिंग बघितलं होतं. उदगीरच्या बाजारात मडकी विकायला जाताना त्यानं ऐकलं होतं की ही माणसं बसून मातीत जातात. शिवाय जाळ केला असता तर तो लांबून दिसला असता. मातीची खाण आयती होती, अरुंद आणि पुरुषभर खोल. तिच्यात बसवलं. तिसऱ्या दिवशी पोलीस आले. ताजी माती बघून जमादारानं विचारलं हे काय. बाप म्हणला, जंगम स्वामी होते, तापानं गेले, समाधी दिली. म्हणता म्हणता बेल वाहिला आणि नारळ फोडला. जमादारानं बूट काढले, हात जोडले आणि निघून गेला. उकरलं असतं आणि गोळी दिसली असती, तर गाव जाळलं असतं. बापानं घरच्यांना शपथ घातली, की पुन्हा बोलायचं नाही. ती खाण गेली म्हणून त्यांना ओढ्याची रेताड माती आणावी लागली. तीन साल रांजण तडकत होते, बाजारात लोक नावं ठेवायचे. पण बापानं इथलं एक घमेलं काढलं नाही.

मग गुरवानं हळूच विचारलं, "मंग आजी, काशी?"

"काशी तुज्या बापानं घातली," भागीरथी म्हणली. "वाघ तू घातलास."

आता मात्र सगळे हसले. गुरवही हसला, पण कानापर्यंत लाल झाला.

माझं विचारायचं राहिलं होतं. मी तिला आक्का म्हणून हाक मारली आणि विचारलं, लिंगाचं काय केलं.

ती म्हणली, "कोन्त्या हातात देत्यात ते बापाला ठाव नव्हतं. इचारावं तर कुनाला? मग दोनी हात जुळवले आन मधी ठिवलं." आणि माझ्याकडं बघून म्हणली, "चुकलं का?"

"न्हाई आक्का," मी म्हणलं. "डावा हात त्यातच आला."

मग मला काही दिसेना. गुरवानं मला हाताला धरून ओट्यावर बसवलं. आरती झाली. आरतीआधी त्यानं मला सासऱ्याचं पुरं नाव आणि गाव विचारून घेतलं आणि स्वामी महाराज की जय म्हणून झाल्यावर, जरा अडखळत, तेही म्हणला. म्हातारीनं ठरवून टाकलं, फरशीवर नाव घालायचं, आणि दिवाही चालू राहायचा. कोणी आड आलं नाही. खरजेचं काय, एवढं एकानं विचारलं. ती म्हणली, लावून बघ, गेली तर गेली.

दुपारी तिच्या घरी जेवलो. ज्वारीची भाकरी, येसराची आमटी, कांदा. गावभर झालं होतं की स्वामीचा जावई आला. स्वामीची लेक ती गावाची लेक, आणि लेकीचा नवरा तो गावाचा जावई. या वयात मला पाटावर बसवलं. बायका दारातून डोकावून म्हणत होत्या, जावई जरा जुनाच हाय. एकीनं नाव घ्यायला सांगितलं. मी महानंदाचं नाव घेतलं. उखाणा येत नाही, नुसतं नाव घेतलं. तेवढ्यावर त्यांनी सोडलं.

निघायच्या वेळी भागीरथी आतून लुगडं घेऊन आली. हिरवं, घडी न मोडलेलं. तिच्या नातवानं दिवाळीला आणलेलं असणार. ते माझ्या हातात दिलं आणि म्हणली, तुझ्या सासऱ्यानं माझ्या डोक्यावर हात ठेवला तो लेक म्हणूनच ठेवला, म्हणजे तुझी बायको माझी बहीण. तिला हे दे, आणि पाडव्याला माहेराला घेऊन ये.

महानंदा नाही, हे मी अजून कोणाला सांगितलंच नव्हतं. कोणी विचारलं नव्हतं, आणि पाटावर बसल्यावर मला सांगवलं नाही. आता सांगितलं. श्रावणात गेली म्हणलं. लुगडं परत पुढं केलं.

म्हातारीनं घेतलं नाही. मग विचारलं, "तिच्या अंगावर माहेरचं कुनी घातलं?"

आमच्याकडं बाई गेली की शेवटचं लुगडं तिच्या माहेराहून येतं. महानंदाचे मामा कधीच गेलेले, मामाची मुलं पुण्याला, ती वेळेवर पोचली नाहीत. मी सुनेला दुकानात पाठवलं होतं आणि माहेरचं म्हणून तेच घातलं होतं. शेजारपाजारच्या बायकांना ते माहीत होतं. कोणी बोललं नाही. मी हे सगळं भागीरथीला सांगितलं.

"मग ने हे," ती म्हणली. "माहेर आत्ता घावलं तिला, त्यात तिचा काय दोष."

जीप हॉर्न वाजवत होती. मी लुगडं धोतराच्या सोग्यात गुंडाळून मांडीवर धरलं. वाटेत करडू नव्हतं.

मंगळवार, घरी

मधल्या मुक्कामाचं काही सांगण्यासारखं नाही. घरी पोचलो, हातपाय धुतले आणि तसाच शेतात गेलो. महानंदा आमच्या बांधाजवळ आहे. आधी वाटलं लुगडं वरून पांघरावं, पण शेळ्या फिरतात. खुरप्यानं हातभर उकरलं. घडी मोडली, कारण लेकीला घडीचं लुगडं देत नाहीत, नेसायला मोकळं करून देतात. आत ठेवलं. बापाचं सगळं सांगितलं. जोडीदारांनी त्याला लिंबाखाली टाकलं तेही सांगितलं, ते लपवलं नाही. मग माती लोटली.

बांधावरून शेजारीण बघत होती. नवं कोरं लुगडं मातीत घातलं, असं ती चार जणींत बोलली. ते माझ्या कानावर आल्यावर मी तिच्या दारात जाऊन सांगून आलो. म्हणलं, ती मातीत हाय, मग कुठं नेऊन देऊ?